जपानची २०५ मालिका : ‘भंगार’ म्हणण्याआधी गाडी समजून घ्या

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

मुंबईच्या लोकलच्या गर्दीची चर्चा निघाली की एक वाक्य हमखास ऐकू येते : ‘जपानने वापरून झालेल्या लोकल गाड्या जकार्ताला दिल्या, मग आपण का नाही घेतल्या?’ त्यावर लगेच दुसरा आवाज उठतो, ‘दुसऱ्यांचे भंगार आपल्या गळ्यात कशाला?’ जकार्ताच्या रुळांवर आजही सर्वाधिक दिसणारी जपानी गाडी म्हणजे २०५ मालिका (मालिका म्हणजे एकाच आराखड्याने बांधलेल्या गाड्या). ही दोन्ही मते मांडणाऱ्यांना तिची नीट ओळख झालेली नसते, म्हणून हे पत्र.

मुंबईचा प्रश्न आधी निकालात काढू. २०५ मालिकेच्या गाडीसाठी दोन रुळांतले अंतर १,०६७ मिलिमीटर लागते, आपल्याकडे ते १,६७६ आहे. ती १,५०० व्होल्ट डीसीवर चालते. मुंबईत डीसी वीज १९२५ पासून होती, पण शेवटची डीसी लोकल एप्रिल २०१६ मध्ये हार्बर मार्गावर धावली आणि तेव्हापासून सगळीकडे २५,००० व्होल्ट एसी आहे. गाडीची रुंदी २.८ मीटर, आपल्या लोकलची ३.६६ मीटर. म्हणजे चाके, मोटरी, विजेची सगळी जोडणी आणि डबासुद्धा बदलावा लागेल, मग जुने काय उरले? जकार्तात मात्र रूळही १,०६७ चे आणि वीजही १,५०० व्होल्ट डीसीच. जुळवाजुळव तिथे मुळातच झालेली होती. मुंबईने संधी घालवली असे यात काही नाही.

आता गाडीविषयी. जपानच्या सरकारी रेल्वेने (तेव्हा ती जेएनआर होती, १ एप्रिल १९८७ ला तिचे खासगीकरण झाले) १९६३ पासून १०३ मालिकेचे ३,४४७ डबे बांधले होते. ते बदलायला १९७९ मध्ये २०१ मालिका आली. तिच्यात मोटरींचा सगळा प्रवाह थायरिस्टर चॉपरमधून (प्रवाह झटपट चालू-बंद करून आवरणाऱ्या इलेक्ट्रॉनिक यंत्रणेतून) जायचा, ब्रेक लावल्यावर वीज तारेत परत जायची आणि विजेची बचत व्हायची. पण चॉपर महाग होता. कर्जात बुडालेल्या रेल्वेला तो हजारो डब्यांत बसवणे परवडेना आणि २०१ चे बांधकाम १,०१८ डब्यांवर थांबले. मग २०१ चे फायदे निम्म्या गुंतागुंतीत मिळवायचे, या हिशेबाने २०५ मालिका आखली गेली. पहिली गाडी २५ मार्च १९८५ रोजी टोकियोच्या यामानोते या वर्तुळमार्गावर सुरू झाली. एकूण १,४६१ डबे बांधले गेले.

हिशेब कसा बसवला, ते पाहण्यासारखे आहे. २०५ मध्ये दोन मोटर डब्यांची एक जोडी असते. जोडीत ८ मोटरी, प्रत्येकी १२० किलोवॉटची आणि ३७५ व्होल्टची, आणि त्या सगळ्यांवर एकच कंट्रोलर. गाडी सुटताना आठही मोटरी एकामागोमाग एक जोडलेल्या असतात आणि पुढे प्रवाह रोखणारा रेझिस्टन्स असतो. कंट्रोलरमधला कॅमशाफ्ट एकेक पायरी फिरतो, त्याचे उंचवटे एकेक कॉन्टॅक्टर (मोठा स्विच) मिटवतात आणि रेझिस्टन्स टप्प्याटप्प्याने कमी होतो. मग चार-चार मोटरींचे दोन गट समांतर होतात आणि प्रत्येक मोटरीला १,५०० भागिले ४, म्हणजे पूर्ण ३७५ व्होल्ट मिळतात. इथपर्यंत सगळे जुनेच. १०३ मालिका हाताळलेल्या कारागिराला यात नवे शिकण्यासारखे फारसे नव्हते आणि मुंबईच्या जुन्या डीसी लोकलवर काम केलेल्यांनाही हे ओळखीचे वाटेल.

नवे होते ते फील्डमध्ये. साध्या डीसी सिरीज मोटरीत आर्मेचर (फिरणारा भाग) आणि फील्ड (चुंबकत्व देणारी स्थिर गुंडाळी) यांतून एकच प्रवाह वाहतो. ब्रेकच्या वेळी हीच मोटर जनित्र होते, पण प्रवाह कमी झाला की फील्डही कमजोर होते, व्होल्टेज कोसळते आणि तारेत वीज ढकलता येत नाही. २०५ मध्ये दिवे आणि वातानुकूलनासाठी असलेल्या सहायक वीजपुरवठ्यातून थोडी वीज घेतात, लहान थायरिस्टरने तिची डीसी करतात आणि ती थेट फील्डच्या गुंडाळीत वरून सोडतात. वेगात धावताना फील्ड कमजोर ठेवायचे, ब्रेक लावला की वाढवायचे, म्हणजे मोटरीचे व्होल्टेज तारेपेक्षा वर जाते आणि वीज परत तारेत जाते. थायरिस्टरला फक्त फील्डपुरता प्रवाह सांभाळायचा असतो, म्हणून तो लहान आणि स्वस्त. मुख्य प्रवाह जुन्या कॅमवरच राहतो. आमच्या मते या गाडीच्या दीर्घायुष्याचे मूळ इथेच आहे. तिच्यातला जो भाग झिजतो तो हाताने बदलता येतो : कॉन्टॅक्टरच्या तांब्याच्या टोकांवर ठिणगीने खड्डे पडतात, ती कानशीने घासायची किंवा बदलायची. मोटरीतले कार्बन ब्रश झिजतात, तेही बदलायचे. हे ब्रश ज्यावर घासतात त्या फिरत्या तांब्याच्या कड्यावर, म्हणजे कम्युटेटरवर, काळी धूळ साचली तर हवेने उडवायची, पृष्ठभाग ओबडधोबड झाला तर लेथवर घ्यायचा. हे टाळले तर कम्युटेटरवर एका ब्रशपासून दुसऱ्यापर्यंत आगीची कमान धावते आणि मोटर गाडीखालून काढावी लागते.

या पद्धतीचा एक दोष सांगायलाच हवा. परत आलेली वीज घ्यायला जवळपास दुसरी गाडी नसेल तर तारेतले व्होल्टेज चढते आणि यंत्रणा वीज परत पाठवणे थांबवते. क्षणार्धात हवेच्या ब्रेकला सगळा भार उचलावा लागतो. यामानोतेसारख्या मार्गावर दोन-तीन मिनिटांनी गाडी असते, तिथे हे फारसे जाणवत नाही. विरळ वाहतुकीच्या मार्गावर मात्र वीजबचत घटते आणि ब्रेक ब्लॉक लवकर झिजतात. २०५ कोणत्या मार्गावर धावते यावर तिचा खर्च ठरतो, हे पुढे महत्त्वाचे आहे.

डबा स्टेनलेस स्टीलचा. जेएनआरच्या प्रवासी लोकलमध्ये हलका स्टेनलेस डबा एवढ्या मोठ्या संख्येने पहिल्यांदाच आला. त्याचे तंत्र तोक्यू कार या कारखान्याकडे होते आणि रेल्वेच्या आग्रहामुळे ते इतर कारखान्यांनाही मिळाले. साध्या पोलादाच्या १०३ मध्ये खिडकीखाली आणि दाराच्या चौकटीत पाणी मुरायचे आणि पत्रा आतून गंजायचा. वरून रंग चांगला दिसतो आणि आत भोक. स्टेनलेसला रंगच नको. मार्गाची ओळख पटावी म्हणून फक्त रंगीत पट्टी चिकटवली की झाले. रंगकामाचे दिवस वर्कशॉपच्या वेळापत्रकातून गेले.

खालची बोगीही साधी केली. (आपल्याकडे बोगी म्हणजे डबा असे बोलले जाते, इथे बोगी म्हणजे डब्याखालची चार चाकांची चौकट.) जुन्या बोगीत डबा आणि चौकट यांच्यामध्ये बोल्स्टर नावाची आडवी तुळई असायची, तिच्या घासणाऱ्या पट्ट्या, पिव्होट, सगळे झिजायचे. २०५ मध्ये बोल्स्टर काढून डबा थेट हवेच्या स्प्रिंगवर ठेवला. वजन घटले, घासणारे भाग घटले.

यामानोतेचा एक वळसा ३४.५ किलोमीटरचा, सुमारे तासाभराचा. गाडीने दिवसात १२ वळसे घेतले तरी ४१४ किलोमीटर होतात. जपानी नियमांत मुख्य भागांची तपासणी ४ वर्षांनी किंवा ६ लाख किलोमीटरनंतर, यांतले जे आधी येईल तेव्हा, आणि गाडी पूर्ण उघडून तपासणी ८ वर्षांनी. ४१४ च्या हिशेबाने ६ लाख किलोमीटर चार वर्षांच्या आतच भरतात. म्हणजे या मार्गावरच्या गाडीचे वय कॅलेंडरवर मोजण्यापेक्षा किलोमीटरमध्ये मोजलेले बरे.

डिसेंबर १९९१ मध्ये यामानोतेच्या गाड्या १० वरून ११ डब्यांच्या झाल्या. वाढवलेल्या डब्याला एका बाजूला चार नव्हे, सहा दरवाजे होते. सकाळी १० पर्यंत त्यातली आसने भिंतीला दुमडून बंद असायची, सगळ्यांनी उभेच राहायचे. हेतू जास्त माणसे कोंबण्याचा नव्हता. फलाटावर एक डबा रिकामा व्हायला उशीर करतो आणि त्याच्यापायी मागची प्रत्येक गाडी अडते, ती अडवणूक मोडायची होती. दादरला उतरणाऱ्यांना हे वेगळे समजावून सांगायला नको.

२००२ पासून यामानोतेवर ई२३१-५०० मालिका येऊ लागली आणि एप्रिल २००५ मध्ये २०५ तिथून निघाली. पहिल्या गाड्यांचे वय तेव्हा २० वर्षे. आपल्याकडे लोकल डब्याचे ठरलेले आयुष्य २५ वर्षांचे. तिथे याच टप्प्यावर गाडीचे दुसरे आयुष्य सुरू झाले, आणि ते नुसते यार्ड बदलून झाले नाही. त्याचा हिशेब आम्हाला सर्वांत मोलाचा वाटतो.

११ डब्यांच्या गाडीत तीन मोटर जोड्या (६ डबे), दोन टोकांचे चालक-कक्षाचे डबे आणि तीन मधले ट्रेलर (मोटर नसलेले डबे). टोकियो परिसरातल्या मुसाशिनो मार्गाला ८ डब्यांच्या गाड्या हव्या होत्या. तिथल्या गाड्या केइयो मार्गावरून टोकियो स्थानकाच्या भूमिगत भागात जातात, चढ-उतार आहेत. जुन्या मोटरींवर हे जमवायचे तर ८ डब्यांत तीनही मोटर जोड्या लागल्या असत्या : ६ मोटर डबे अधिक २ टोके. मग यामानोतेच्या प्रत्येक गाडीतून एकच गाडी मिळणार, मोटर डबा एकही शिल्लक नाही, आणि उरणार ते नुसते ट्रेलर, जे स्वतःहून हलत नाहीत. म्हणून मुसाशिनोच्या गाड्यांचे कॅम आणि रेझिस्टन्स काढून व्हीव्हीव्हीएफ इन्व्हर्टर (डीसीची कमी-जास्त व्होल्टेजची आणि वारंवारतेची एसी करणारी यंत्रणा) आणि त्या एसीवर चालणाऱ्या इंडक्शन मोटरी बसवल्या. ताकद तितकीच, १२० किलोवॉट, पण इंडक्शन मोटरीचे चाक घसरू लागले की इन्व्हर्टर लगेच आवरतो, त्यामुळे कमी चाकांवर जास्त ओढ देता येते. आता दोन जोड्या पुरल्या : ४ मोटर डबे, २ टोके, २ ट्रेलर. जिथे २४ मोटरी लागल्या असत्या तिथे १६ मध्ये भागले. प्रत्येक गाडीमागे एक मोटर जोडी मोकळी झाली आणि ती दुसऱ्या मार्गाला देता आली. या बदललेल्या गाड्यांना २०५-५००० हा क्रमांक आहे.

मोकळ्या जोड्यांपुढची अडचण साधी होती : चालक कुठे बसणार? ११ डब्यांच्या गाडीत टोके दोनच. तिच्यातून लहान गाड्या करायच्या तर टोके जास्त लागतात. मग मधल्या डब्याचे एक टोक कापून तिथे नवा चालक-कक्ष बसवला. काम बारीक आहे. कापलेल्या भागात खालची चौकट, छताच्या कमानी आणि खांब नव्या कक्षाला जुळवायचे, पुढच्या टोकाला ब्रेकच्या हवेच्या नळ्या आणि नियंत्रणाच्या तारा आणायच्या, मास्टर कंट्रोलर, ब्रेक हँडल, सिग्नल सुरक्षा यंत्रणा बसवायची, कक्षाने खाल्लेल्या जागेतली आसने हलवायची. त्सुरुमी मार्गाला ३ डब्यांच्या, हाचिको आणि सेनसेकीला ४ डब्यांच्या, नाम्बूच्या फाट्याला तर दोनच डब्यांच्या गाड्या अशाच मिळाल्या. या गाड्यांत मूळच्या सपाट चेहऱ्याऐवजी काळ्या काचेचा वेगळा चेहरा दिसला की तो डबा कधीकाळी गाडीच्या पोटात होता असे समजावे.

ईशान्येकडील सेनसेकी मार्गावर थंडी. तिथे दाराशेजारी बटण बसवले, ज्याला चढायचे त्याने दाबायचे. बाकी दारे बंद राहतात आणि ऊब टिकते. गाडीत शौचालयही घातले. ११ मार्च २०११ च्या त्सुनामीत या मार्गावरच्या दोन गाड्या गेल्या, एक नोबिरूजवळ रुळांवरून वाहून, दुसरी इशिनोमाकी स्थानकात पाण्याखाली. मार्गाचा उद्ध्वस्त भाग आत आणि उंचावर हलवून तो ३० मे २०१५ रोजी पूर्ण सुरू झाला. खारे पाणी मोटरीत आणि कंट्रोलरमध्ये शिरले की स्टेनलेस डबा कितीही धड असो, गाडी परत येत नाही. डब्याखाली लटकलेल्या वस्तू हीच लोकलची खरी किंमत असते.



जकार्ताकडे येऊ. नोव्हेंबर २०१३ पासून सायक्यो मार्गाचे १८०, मग योकोहामाचे १७६, नाम्बूचे १२० आणि २०१८ ते २०२० या काळात मुसाशिनोचे ३३६, असे एकूण ८१२ डबे तिथे गेले. १,४६१ पैकी ८१२, म्हणजे निम्म्याहून जास्त मालिका. डबे रुळांवरून निइगाताच्या बंदरापर्यंत ओढत नेले आणि जहाजाने जकार्ताच्या तांजुंग प्रियोक बंदरात उतरवले. तिथे पुढच्या काचेवर दगडफेकीपासून संरक्षणासाठी जाळी बसली, सखल फलाटांसाठी दाराखाली पायऱ्या लागल्या, पहिला आणि शेवटचा डबा महिलांसाठी ठेवला गेला. नंतर वेगवेगळ्या मार्गांचे डबे एकत्र करून १२ डब्यांच्या गाड्याही केल्या. जेआर ईस्टने (जेएनआरच्या खासगीकरणातून आलेल्या कंपनीने) डब्यांबरोबर प्रशिक्षण आणि देखभालीचे सहकार्यही दिले; आमच्या दृष्टीने डब्यांच्या किमतीपेक्षा याचे मोल जास्त.

या गाड्या तिथे टिकल्या कशा, याचे उत्तर वरच्या तांत्रिक भागात आहे. गर्दीच्या वेळी गाडीमागे गाडी असल्यामुळे परत आलेली वीज वाया जात नाही, डबा दमट हवेत गंजत नाही, मोटर आणि कॅम हाताने दुरुस्त होतात. त्रास कुठून सुरू होतो तेही तिथेच आहे. कार्बन ब्रश, ब्रेक ब्लॉक, कॉन्टॅक्टरची टोके हे कोणताही देश बनवू शकतो. इन्व्हर्टरचे अर्धवाहक भाग आणि नियंत्रणाच्या छापील पाट्या (सर्किट बोर्ड) मात्र मूळ कारखान्याने थांबवल्या की संपल्या. मुसाशिनोच्या गाड्यांचा आधुनिक भागच त्यांचा नाजूक भाग आहे. मालिका जपानमध्ये धावत होती तोवर सुट्या भागांचा साठा फिरता राहिला. टोकियो परिसरातल्या मार्गांवरून गाड्या निघाल्या (मुसाशिनो २०२० मध्ये, सागामी २०२२ मध्ये, त्सुरुमी २०२४ मध्ये) तसा तो साठा आटला. मग एका गाडीचे भाग काढून दुसरी चालवायची वेळ येते. २०२३ मध्ये जपानमधून आणखी ३४८ जुने डबे आणण्याचा प्रस्ताव इंडोनेशिया सरकारने नाकारला आणि नव्या गाड्यांचा रस्ता धरला. त्या निर्णयाला २०५ च्या दर्जाचा पुरावा मानणे चूक आहे. प्रश्न जुने डबे आयात करण्याच्या नियमांचा आणि देशातल्या गाडी-उद्योगाला काम देण्याचा होता.

जपानमध्येच याच्या उलट विचारही झाला. १९९३ च्या २०९ मालिकेत वजन निम्मे, किंमत निम्मी आणि आयुष्यही निम्मे असे सूत्र ठेवले होते, १३ वर्षांनी फेकता येईल अशी गाडी. गंमत अशी की २०९ चेही बरेच डबे पुढे बोसो द्वीपकल्पातल्या मार्गांवर दुरुस्त करून धावले. दोन्ही विचारांत तथ्य आहे, पण आपल्याकडच्या खरेदीत यांपैकी कोणता विचार धरला आहे हे निदान ठरलेले आणि लिहिलेले असावे.

म्हणून आपल्या दैनिकाकडे दोन मागण्या आहेत. मुंबईच्या नव्या लोकल खरेदीची बातमी देताना गाड्यांची संख्या आणि किंमत यांबरोबर हेही विचारावे : इन्व्हर्टर आणि नियंत्रण यंत्रणेचे सुटे भाग किती वर्षे देण्याची अट निविदेत आहे? बाराव्या-पंधराव्या वर्षी ही यंत्रणा बदलण्याची तरतूद कुठे आहे? एका रेकचे डबे दुसऱ्या रेकमध्ये बसवता येतील अशी जोडणी ठेवली आहे का? २०५ चे दुसरे आणि तिसरे आयुष्य या तीन गोष्टींवरच उभे राहिले.

आणि जकार्ताच्या गाड्यांविषयी लिहिताना ‘जपानच्या जुन्या गाड्या’ एवढेच न छापता मालिका आणि बांधणीचे वर्ष छापावे. २०५ च्या प्रत्येक डब्यावर कारखान्याची पाटी लावलेली असते, वर्ष त्यावर कोरलेले असते.

आपले,
उपनगरी रेल्वेगाड्यांचे काही अभ्यासक,
डोंबिवली